दुसऱ्या बेसवर

आमच्या वेळी सामना बरोबरीत सुटला की कप सहा महिने त्यांच्याकडे आणि सहा महिने आमच्याकडे राहायचा. ते म्हणजे माटुंग्याच्या मुली आणि आम्ही काळाचौकीच्या. खेळाचं खरं नाव सॉफ्टबॉल, बेसबॉलची धाकटी बहीण म्हणा हवं तर, पण चाळीत सगळे त्याला बेसबॉलच म्हणत आणि आम्हीही कुणाला दुरुस्त करायच्या भानगडीत पडत नसू. सात डाव झाले आणि रन सारखेच राहिले, तर आठवा खेळायचा, नववा खेळायचा, आणि बॉल दिसेनासा झाला की पंच हात वर करून सगळ्यांना घरी पाठवायचे. मग तो कप आमच्या मंडळाच्या खोलीत आरतीच्या तबकांशेजारी येऊन बसायचा. सहा महिने भरले की माटुंग्याहून निरोप यायचा आणि आमच्याकडून उत्तर जायचं, की गणपती होऊ द्या, मग देतो. गणपती झाले की नवरात्र असायचंच. ही पद्धत कुणालाच वाईट वाटत नव्हती. बरोबरी म्हणजे बरोबरी, त्यात कुणी रडायचं कारण नाही, असं आम्हाला वाटे. ज्या वर्षी नवा नियम आला, त्या वर्षी ती पद्धत गेली, आणि त्याच वर्षीची ही गोष्ट.

आम्ही चौघं तिसऱ्या मजल्यावरच्या एका खोलीत राहत होतो, मी, धाकटा भाऊ, आई आणि बाबा. बाबा गिरणीत जॉबर होते. जॉबर म्हणजे हाताखाली माणसं असलेला माणूस. खात्यात त्यांच्या नजरेला घाबरत, असं ते स्वतःच सांगायचे आणि आई मागून म्हणायची, "घरात कोण घाबरता?" मग गिरणी बंद पडली. आज उघडेल, उद्या उघडेल करत वर्ष उलटलं आणि एक दिवस बाबांनी नाक्यावर जाणंच सोडलं. नाक्यावर गेलं की लोक विचारतात, म्हणून. देवळात जाणं सोडलं, कारण देवळात नाक्यावरचेच लोक येतात. शेवटी ते घर आणि गॅलरी एवढ्यातच राहू लागले. आई लालबागला मसाला कुटायच्या गिरणीत, डंखावर, मिरच्या निवडायला जाऊ लागली. ती संध्याकाळी दारात आली की आधी आम्ही तिघं शिंकायचो आणि मग ती आत यायची. पदर दारातच झटकायची, हात तीनदा धुवायची, तरी कुळथाच्या पिठीला त्या वासाची किनार लागायचीच. पहिले काही महिने आम्ही त्या शिंकांवर हसायचो. नंतर ती खोकू लागली आणि हसणं बंद झालं. रात्री ती उशीत तोंड घालून खोकायची, आम्हाला ऐकू जाऊ नये म्हणून. दहा बाय बाराच्या खोलीत कोणाला काय ऐकू जाणार नाही, देव जाणे.

रिकाम्या बसलेल्या बाबांनी माझा खेळ धरला. आधी ते त्याला 'लाटणी घेऊन धावूचो खेळ' म्हणत. मग एकदा मी शाळेतून फाटकं नियमपुस्तक आणलं आणि त्यातली चित्रं बघता बघता त्यांचा जीव त्यात अडकला. मागाची नवी जोडणी समजून घ्यावी तसं त्यांनी ते समजून घेतलं. गॅलरीत खडूने चौकोन आखला. तीन बेस म्हणून काडेपेट्या आणि होम म्हणून आईचा पोळपाट. माणसं म्हणून चिंचोके. बॉल मारला की पहिल्या बेसकडे पळायचं, मग दुसऱ्या, मग तिसऱ्या, आणि फिरून पोळपाटावर आलं की एक रन. हे ते चाळीतल्या सगळ्या पोरांना, दुधवाल्याला, आणि एकदा पाण्याचं बिल द्यायला आलेल्या माणसालाही शिकवत. चिंचोका आऊट झाला की तो उचलून खिशात टाकायचा, हा त्यांचा रिवाज; तीन खिशात गेले की डाव संपला. संध्याकाळी आई येऊन न बोलता 'होम' उचलायची आणि चपात्या लाटायला बसायची, तेव्हा सामना संपायचा. जॉबरचा आवाज त्यांच्या गळ्यात परत यायचा तो त्या गॅलरीत, आणि मला ते बघायला आवडायचं. मी कितीदा तरी माहीत असलेली गोष्टही मुद्दाम विचारायची.

फिलू माझी मैत्रीण. पूर्ण नाव फिलोमिना, राहायची परळला, मुंबईच्या मूळच्या ख्रिस्ती लोकांपैकी. तिच्या आजोबांचे आजोबाही इथलेच, त्यामुळे आम्हा कोकणातून आलेल्यांना ती गमतीने 'पाव्हणे' म्हणायची. ती आमच्या संघातली सगळ्यात जोरात पळणारी मुलगी. तिचे वडील झेवियरकाका माटुंग्याच्या एका शाळेत सुतारकाम करायचे. बेंच, वर्गातले काळे फळे, खिडक्या, सगळं त्यांच्या हातचं. रविवारी चर्चमधून निघाले की कधी कधी ते दोघं आमच्याकडे येत आणि येताना डब्यात फुगे आणत. फुगे म्हणजे त्यांच्याकडचे तळलेले गोलगोल पाव, आतून पोकळ आणि किंचित गोड. आई ते सोलकढीबरोबर खायची, आणि काकांनी पहिल्यांदा ते पाहिलं तेव्हा कपाळाला हात लावला होता. नंतर तेही तसेच खाऊ लागले.

अशाच एका रविवारी फिलूने नवं नियमपुस्तक आणलं. इंग्रजीतलं होतं. ती वाचायची आणि अर्थ सांगायची, आणि बाबा चिंचोके घेऊन समोर बसलेले. सात डाव होऊन बरोबरी झाली, की आता आठव्या डावापासून दोन्ही संघांना आपला एकेक खेळाडू आधीच दुसऱ्या बेसवर उभा करून मिळणार होता. म्हणजे घराच्या अर्ध्या वाटेवर. म्हणजे रन लवकर होईल आणि निकाल लागेल.

"कोण उभो रवतलो?" बाबांनी विचारलं.

फिलूने पुन्हा वाचलं. "आधीच्या डावात जी शेवटची आऊट झाली ना काका, तीच."

बाबांनी खिशातला चिंचोका बाहेर काढला आणि त्याच्याकडे बघत राहिले. "ह्यो कसलो नियम? जो आऊट झालो, तेकाच नेऊन मधे उभो करूचो? काय केल्यान तेणा? मारल्यान? धावलो? फुकटचा! तेका स्वतःकच लाज वाटतली."

"अरे परब, डाव पुढे जायला पाहिजे ना," झेवियरकाका म्हणाले. "कुणाला तरी उभं करायला लागणारच. मग ज्याचं वाईट झालंय त्यालाच केलं, तर बिघडलं कुठे?"

बाबांनी मान हलवली नाही. काकांनी उरलेला फुगा संपवला, हात पुसले आणि तोच धागा धरून, अगदी सहज बोलावं तसं म्हणाले, की त्यांच्या शाळेला मैदान सांभाळायला माणूस हवाय. पाणी मारायचं, रेघा आखायच्या, खेळाचं सामान बघायचं. कायमची नोकरी. "मी शब्द टाकलाय तुझ्यासाठी. महिनाअखेरपर्यंत थांबतो म्हणाले ते."

मी आईकडे बघितलं. तिचा हात परातीत होता आणि तो तिथेच थांबला होता.

"तू शब्द टाकलंस," बाबा म्हणाले. "माका इचारलंस?" आवाज चढला नव्हता, चढला असता तर बरं झालं असतं. "जॉबर होतंय मी, झेवियर. माझ्या हाताखाली माणसां होती. आता मी आऊट झालंय म्हणान तू माका नेऊन उभो करतंस दुसऱ्या बेसवर?"

बाबांनी एकेक काडेपेटी उचलली, चिंचोके डब्यात भरले आणि गॅलरीतला खडूचा चौकोन पायाने पुसला. काका उठले, चपला घातल्या आणि आईला म्हणाले, "वहिनी, डबा राहू दे, नंतर घेतो." तो डबा आमच्याकडे राहिला. पुढच्या रविवारी फिलू एकटीच आली, आणि त्याच्या पुढच्या रविवारी तीही आली नाही.

आई एका शब्दाने बोलली नाही. ती बोलली असती, भांडली असती, तर बाबांना उत्तर देता आलं असतं. ती रोज सकाळी डोक्याला फडकं बांधून मिरच्या निवडायला जात राहिली आणि रात्री उशीत खोकत राहिली. मला बाबांचा इतका राग यायचा, की मी त्यांना नियम विचारणं सोडून दिलं. आज माझं वय त्यांच्या तेव्हाच्या वयापेक्षा पुष्कळ जास्त आहे. माझ्या सुनेने स्टेशनवर माझी पिशवी धरली तरी मी हिसकावून घेते, आणि मग बाबा आठवतात. पण सोळाव्या वर्षी हे कसं कळणार? तेव्हा मला एवढंच दिसत होतं, की महिन्याचे दिवस संपत चाललेत आणि हा माणूस भिंतीला पाठ लावून बसलाय.

महिन्याच्या शेवटच्या रविवारी अंतिम सामना होता, माटुंग्याच्या मैदानावर. थंडीचे दिवस, मैदान कोरडं ठणठणीत, पाय आपटला की धूळ गुडघ्यापर्यंत. कर्णिकबाई आमच्या प्रशिक्षक. दादरच्या, कडक इस्त्रीची साडी, खाली पांढरे कॅनव्हासचे बूट, आणि भाषा अशी स्वच्छ की त्या रागावल्या तरी धडा वाचल्यासारखं वाटे. सामना सुरू झाला आणि तिसऱ्या डावात मी सहज वर बघितलं, तर कुंपणाच्या जाळीबाहेर बाबा उभे. धुतलेला शर्ट, पायात गिरणीत जायचे बूट. कित्येक महिन्यांत ते चाळीचा जिना उतरले नव्हते. झेवियरकाका मैदानाच्या दुसऱ्या टोकाला होते आणि बाबा मुद्दाम त्यांच्यापासून लांब उभे राहिले होते. मला आनंद झाला आणि मी पटकन नजर वळवली. आपल्या माणसासमोर खेळणं सगळ्यात कठीण.

सातवा डाव. दोघांचे चार-चार रन. आमची बॅटिंग, दोघी आऊट, फिलू तिसऱ्या बेसवर, म्हणजे घरापासून एका धावेवर. मी बॅट घेऊन उभी. कसाही, कुठेही मारला आणि नीट पळाले तरी सामना आमचा. बाईंनी खूण केली, थांब, चांगल्या बॉलची वाट बघ. मी खूण बघितली. पण त्याच वेळी जाळीला धरलेली बाबांची बोटंही बघितली, आणि मला वाटलं, आत्ता, याच बॉलवर, यांना काहीतरी दाखवायचं. बॉल छातीच्याही वर होता. असा बॉल शहाणी मुलगी सोडून देते. मी मारला. तो उडाला सरळ वर, आणि बॉल टाकणाऱ्या पिचरने दोन पावलं मागे सरकून, पेरू झेलावा तसा झेलला.

बाबा काय करतायत ते मी बघितलं नाही. पाण्याच्या माठामागे जाऊन गुडघ्यांत डोकं घालून बसले. फिलू येऊन म्हणाली, "जाऊ दे रे, होतं असं," आणि तिच्या आवाजात इतकी माया होती, की मला आणखीच रडू आलं. आठवा डाव सुरू झाला. माटुंग्याने आपली मुलगी दुसऱ्या बेसवर उभी केली आणि एक रन काढला. मग आमची पाळी आली. मी माठामागेच होते.

"शालिनी, दुसऱ्या बेसवर जा," बाई म्हणाल्या.

"मी नाही बाई. मी आऊट झालेय."

"म्हणूनच तू. नियम आहे तो."

"दुसऱ्या कुणालाही पाठवा. सगळे बघतायत. मी नाही जाणार."

"दुसरी चालत नाही, शालिनी. तुझ्या जागी तूच."

पंचांनी घड्याळाकडे बघितलं. फिलू माझा दंड ओढत होती, "ए शालू, ऊठ ना, सामना देऊन टाकतील त्यांना." मला ऐकू येत होतं, पण उठवत नव्हतं. माझ्या डोक्यात बाबांचंच वाक्य घुमत होतं, काय केल्यान तेणा, तेका स्वतःकच लाज वाटतली. लाज वाटतच होती. ते म्हणाले होते त्यात चूक काहीच नव्हतं.

आणि मग कुंपणाकडून आवाज आला. गॅलरीतला नाही, खात्यातला, शंभर मागांच्या खडखडाटावरून ऐकू जावा असा.

"शालू! जा गो! उभी रव थंय! आऊट कोण होणा नाय? जा!"

सगळं मैदान तिकडे वळलं. बाबा जाळीला चिकटून उभे होते, दोन्ही हात वर, तोंड अजून उघडंच. मग त्यांची नजर मैदानापलीकडे गेली. तिथून झेवियरकाका त्यांच्याकडे बघत होते. काका हसले नाहीत की हात केला नाही. त्यांनी फक्त बघितलं, आणि बाबांनी हात खाली घेतले. ते आपणच काय बोललो हे आत्ता ऐकू आल्यासारखे उभे होते.

मी उठले आणि गेले. दुसऱ्या बेसवर उभं राहणं म्हणजे काय, ते तिथे उभं राहिल्याशिवाय कळत नाही. तुम्ही काही न करता अर्ध्यावर आलेल्या असता. घर समोर दिसत असतं. पण उरलेली अर्धी वाट कुणी चालून देत नाही. एक पाय बेसवर घट्ट रोवून मी बॉलची वाट बघत राहिले. आमच्या मंगलने बॅट नुसती लावून बॉल हळूच पुढ्यात पाडला आणि मी तिसऱ्या बेसला पोहोचले. मंगल आऊट झाली. पुढच्या मुलीने जमिनीलगत मारला. बाई ओरडल्या आणि मी सुटले. मला फक्त होम दिसत होतं आणि त्याच्यापुढे गुडघ्यावर बसलेली त्यांची कॅचर. शेवटच्या चार पावलांवर मी अंग टाकलं, पाय पुढे करून घसरत गेले, सगळीकडे धूळच धूळ. धूळ खाली बसली तेव्हा पंचांचा अंगठा वर होता. आऊट. त्यानंतरची मुलगीही गेली, आणि कप त्या वर्षी पूर्ण बारा महिने माटुंग्यात राहिला.

आम्ही चालत घरी निघालो. बाबा पुढे, मी मागे, गुडघ्यावर फिलूचा रुमाल बांधलेला. दादर मागे पडलं. मग बाबा वळून न बघता म्हणाले, "सेफ होतंस तू."

"नाही बाबा. मी होमला टेकायच्या आधीच तिचा बॉल धरलेला ग्लव्ह लागला पायाला."

"माका दिसला ना जाळीतसून. सेफ होतंस. पंच आंधळो."

ग्लव्ह लागला होता. घोट्याच्या वर, डाव्या पायाला, अजून ती जागा मला दाखवता येईल. पण पुढे तीस वर्षं, अगदी शेवटच्या आजारातही, विषय निघाला की बाबा म्हणत, सेफ होती आमची शालू. आधी मी वाद घालायची, मग सोडून दिलं. माणसाला एखादी गोष्ट अशी दिसली असेल, तर दिसू द्यावी.

लालबागजवळ आलो तशी हवेत मिरची लागली. मी शिंकले, बाबाही शिंकले. मसाल्याच्या गल्लीच्या तोंडाशी ते उभे राहिले आणि आत बघत राहिले. रविवार असूनही डंख चालू होते. आई आज इथेच आहे, हे आम्हा दोघांनाही माहीत होतं. मला वाटलं ते आत जातील. गेले नाहीत.

"तो झेवियरचो डबो खंय आसा?" त्यांनी विचारलं.

"फळीवर. आईने घासून ठेवलाय."

"रिकामो देव नये कोणाक. आवशीक सांग, घावणे घाल म्हणान. आणि सकाळी माका साडेपाचाक हाक मार."

मी साडेपाचला हाक मारायला उठले, तर ते दाढी करून बसले होते. आईने गरम घावणे डब्यात भरले. झाकण लावताना तिचा हात जरा जास्त वेळ डब्यावर राहिला. बाबा डबा घेऊन जिना उतरले, आणि आम्ही दोघी गॅलरीच्या कठड्याला टेकून ते कोपऱ्यावर दिसेनासे होईपर्यंत बघत होतो.

नातीने परवा फोनवर दाखवलं, की आता परदेशातल्या मोठमोठ्या बेसबॉलच्या सामन्यांतही बरोबरी झाली की हेच करतात, एकाला आधीच दुसऱ्या बेसवर उभा करतात. लोक चिडलेत म्हणे, फुकटचं म्हणतात. मी म्हटलं, चिडू देत, आमच्या गॅलरीत हे सगळं आधीच बोलून झालंय.

बाबा डबा घेऊन गेले, त्याच्या पुढच्या आठवड्यात मी आणि फिलू शाळा सुटल्यावर माटुंग्याला, काकांच्या शाळेच्या मैदानावर गेलो. बाबा चुन्याची पाटी घेऊन रेघा आखत होते, डोक्याला आईचंच मिरच्यांचं फडकं. झेवियरकाका पायरीवर बसून कसलीशी फळी तासत होते आणि मधूनच ओरडत होते, "परब, तिरकी गेली रे!" बाबांनी रेघ पुसून पुन्हा आखली. मग फीत धरून जागा मोजली, दुसरा बेस खाली ठेवला, चारही कोपरे दाबले आणि नीट बसलाय का बघायला स्वतः त्याच्यावर उभे राहिले. मी जाळीपाशी होते. त्यांनी मला बघितलं.

"कसं वाटतंय, बाबा?" मी ओरडून विचारलं.

त्यांनी आधी पायाखाली बघितलं, मग काकांकडे, मग माझ्याकडे.

"उभो तर रवलंय," ते म्हणाले. "आता धावूक लागतला."